गादी परत करणारा माणूस

मी जेवून परत आले तेव्हा दुकानात खिडकीजवळच्या स्प्रिंगच्या गादीवर एक माणूस गाढ झोपला होता.

आता गादीच्या दुकानात लोक आडवे होतात, त्यात नवल काही नाही. पण आडवं होणं वेगळं आणि झोपणं वेगळं. गिऱ्हाईक आडवं होतं ते फळीसारखं. पाय गादीच्या बाहेर, हात पोटावर, नजर छताकडे आणि चेहऱ्यावर 'कुणी बघत तर नाही ना' असा भाव. हे साहेब मात्र कुशीवर वळून, एक उशी डोक्याखाली आणि दुसरी पोटाशी धरून, जन्मोजन्मीची झोप काढत होते. बूट पलंगाखाली जोडून ठेवलेले, मोजे बुटांत खोचलेले. बाहेर पाऊस रिपरिपत होता आणि त्याच्या ओल्या केसांनी माझ्या कोऱ्या उशीवर बशीएवढा डाग पाडला होता.

"अहो," मी म्हटलं.

ढिम्म हलला नाही.

"अहो साहेब!"

त्यानं डोळे उघडले. छताकडे पाहिलं, खिडकीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आणि अगदी मनापासून विचारलं, "हे कुठलं गाव?"

"तुम्ही झोपलात तेव्हा होतं तेच."

तो धडपडून उठून बसला. उंच, सावळा, गालावर उशीच्या शिवणीची रेघ उमटलेली. "माफ करा हं... सवय आहे. पंधरा वर्षं उठल्या उठल्या आधी हेच विचारावं लागायचं."

"कुणाला?"

"बहुतेक वेळा स्वतःलाच."

हे उत्तर मला काही कळलं नाही. पण दुकानदारानं न कळलेलं चेहऱ्यावर दाखवू नये, असं बाबा म्हणतात. म्हणून मी मुद्द्यावर आले. "गादी कशी वाटली?"

"कुठली?"

"जिच्यावर घोरत होतात ती."

"मी घोरत नाही."

"झोपलेल्या माणसाची साक्ष आमच्याकडे चालत नाही."

तो हसला. हसताना आधी डोळे हसायचे आणि तोंड मागून यायचं. मी नजर गादीच्या लेबलावर नेली. ते लेबल मी स्वतःच शिवलं होतं, तरी पुन्हा वाचलं.

"सरळ पडा पाहू," मी म्हटलं. "आता उजवा हात कमरेखाली सरकवा. सहज गेला तर गादी तुमच्यासाठी कडक. अजिबात गेला नाही तर मऊ. थोडा अडकून गेला तर बरोबर."

त्यानं प्रयत्न केला. हात अर्ध्यात थांबला. "खांद्याचं ऑपरेशन झालंय. मागे वळत नाही."

रोज कितीतरी लोकांना मी ही परीक्षा सांगते. सांगते—करत नाही. पण त्या दिवशी काय झालं कुणास ठाऊक, मी वाकले आणि माझाच हात त्याच्या कमरेखाली सरकवला. शर्ट अजून दमट होता. हात थोडा अडकून गेला. आणि मग... तो तसाच राहिला. मी काय तपासत होते तेच मला आठवेना.

"डावा हात वळतो माझा," तो छताकडे बघत म्हणाला.

मी झटकन हात काढला. "मग आधी नाही सांगायचं?"

"तुम्ही उजवा म्हणालात. दुकानदारीणबाईंचं ऐकावं म्हटलं."

तेवढ्यात बाबा मागच्या गोडाऊनमधून आले. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं, चष्मा पुसला, पुन्हा पाहिलं. "अरे! तुम्ही ते नव्हे... पहिला सेट जिंकला आणि पाऊस आला?"

तो एकदम लहान मुलासारखा लाजला. "तुम्हाला आठवतंय?"

"न आठवायला काय झालं! जगातला पहिल्या नंबरचा माणूस समोर, आणि तुम्ही त्याला पळवून पळवून घाम फोडलेला. दुसऱ्या सेटमध्येही पुढे. मी दुकान बंद ठेवलं होतं त्या दिवशी. आणि मेला तो पाऊस..."

"दुसऱ्या दिवशी ऊन पडलं," तो म्हणाला. "मग तासाभरात माझं आटोपलं."

तर असा हा माणूस. टेनिस खेळायचा, म्हणजे पोटापाण्यासाठी खेळायचा. पंधरा वर्षं जगभर हिंडला, जगात शंभरावा-सव्वाशेवा असा कुठेतरी राहिला, मग खांदा गेला. मी बाबांना हळूच म्हटलं, "शंभरावा म्हणजे काही फार नाही ना?" तर बाबा उखडलेच. "चेष्टा आहे का? आपण आपल्या गल्लीत तरी शंभरांत येतो का?"

मला खेळातलं ओ की ठो कळत नाही. बाबांनी टीव्हीवर टेनिस लावलं की मी खोळी लावायच्या निमित्तानं आत पळते. त्या दिवशी मात्र मी तिथेच उभी राहिले, उगाचच.

त्यानं तीच गादी घेतली. नव्यानं भाड्यानं घेतलेल्या घरासाठी. आमच्याकडे महिनाभर झोपून बघायची सोय आहे. नाही आवडली तर आम्ही परत घेतो. बाबांनी ती सोय सुरू केली तेव्हा मी म्हटलं होतं, लोक गैरफायदा घेतील. पण इतक्या वर्षांत लोक गादी परत करतच नाहीत. माणूस दोन-चार रात्री झोपला की गादी त्याची होऊन जाते, आवडो न आवडो.

आठवडाभरात ती परत आली. "कडक वाटते," तो म्हणाला.

"हात अडकून गेला होता," मी म्हटलं.

"तुमचा हात होता. माझा कुठे होता?"

मी काथ्यावर मऊ थर असलेली दिली. तीही परत. म्हणे बुडायला होतं. मग फोमची दिली. चार दिवसांनी फोन आला, "हिच्यातून आवाज येतो."

"फोमच्या गादीतून?"

"हो... म्हणजे, असं वाटतं."

गाद्यांची ने-आण करणारे आमचे टेम्पोकाका वैतागले. "ताई, त्या घरात गादीशिवाय काडी नाही. एक मोठी बॅग आहे, तीसुद्धा जमिनीवर उघडी. कपडे तिच्यातच. हा माणूस राहायला आलाय की गाडीची वाट बघायला?"

मी चिडले होते. आणि प्रत्येक वेळी फोन वाजला की तोच असावा असंही वाटत होतं. एकाच माणसावर एकाच वेळी वैतागायचं आणि त्याची वाट बघायची, याला काय म्हणतात मला माहीत नव्हतं. तो माझ्यासाठी येत होता? मग सरळ का बोलत नव्हता? गादीसाठी येत होता? मग दुसरं दुकान का बघत नव्हता? ताकास तूर लागू देत नव्हता. शेवटी आवाजाची तक्रार स्वतः तपासायची असं ठरवून मी त्याच्या घरी गेले. बाबा नुसते 'हं' म्हणाले. त्या 'हं'मध्ये बरंच काही होतं.

टेम्पोकाकांनी अतिशयोक्ती केली नव्हती. दोन खोल्या, पडदे नाहीत, स्वयंपाकघरात एक पातेलं आणि फ्रिजमध्ये फक्त बर्फ, तोही खांद्यासाठी. आतल्या खोलीत माझी गादी जमिनीवर, चादर एकही सुरकुती नसलेली. मी गादीवर गुडघे टेकले, कान लावला.

"काही आवाज येत नाही."

"नाही येत," त्यानं लगेच कबूल केलं. तो दाराला टेकून उभा होता. "गादी उत्तम आहे. तिन्ही उत्तम होत्या."

"मग?"

"काल सुट्टी होती, नऊपर्यंत झोपलो. शांत. उठलो आणि... कुठे जायचंच नव्हतं. विमान नाही, मॅच नाही, कुणी दार ठोठावत नाही. घाबरलो मी. वाईट गादी असली की बरं असतं, कळतं की इथून जायचंय."

"भीती वाटते म्हणून गादी परत करणारं तुम्ही पहिलंच गिऱ्हाईक."

"आणि परत केली की तुमच्याशी भांडायला मिळतं. हेही आहे."

मी गादीवरून उठले. गुडघे झटकले, त्यांना काही लागलं नव्हतं तरी. "यातलं खरं कारण कुठलं?"

"तेच तर मला कळत नाहीये," तो म्हणाला, आणि इतक्या प्रामाणिकपणे म्हणाला की मला हसूच आलं.

"मला विचारू नका. मी गाद्या विकते."

"एक काम करा ना. तुम्ही मला झोपायला शिकवताय. मी तुम्हाला खेळायला शिकवतो. फिट्टंफाट."

मी हो म्हटलं. का म्हटलं? मला पळायला आवडत नाही, उन्हात आवडत नाही, आणि त्या आखूड स्कर्टात तर मुळीच नाही. तरी दुसऱ्या सकाळी मी सलवार-कुडता आणि आईचे जुने बूट घालून सार्वजनिक मैदानावर हजर. तिथे तो शिकवत असे. निवृत्त झालेली मंडळी, वजन कमी करायला आलेल्या बायका. त्यांची तुकडी गेली की कोपऱ्यातल्या कोर्टवर मी.

आणि आश्चर्य म्हणजे मला यायला लागलं! मी रॅकेट कशीही फिरवावी, चेंडू येऊन बरोबर तिच्यावर बसायचा. टप्प... टप्प... मी परतवते आहे, तो परतवतो आहे. आठवड्याभरात मला वाटायला लागलं, माझ्यात काहीतरी आहे, वेळेवर कुणी ओळखलं नाही इतकंच.

"बघितलंस? सलग किती मारले मी!" केव्हा 'तुम्ही'चा 'तू' झाला तेही कळलं नव्हतं.

"बघितलं."

"उपजतच असणार."

"असणार," तो म्हणाला. जाळीपाशी आला. कपाळावरचा घाम दंडाला पुसला. उजवा दंड डाव्यापेक्षा जाड होता, दोन वेगवेगळ्या माणसांचे हात एकाला लावल्यासारखे. "पंधरा वर्षं एकच काम केलं. समोरच्याला जमणार नाही तिथे चेंडू मारायचा. आता नेमका उलटा प्रयत्न करतोय. हे फार अवघड आहे, बाई."

म्हणजे उपजत वगैरे काही नव्हतं. चेंडू माझ्यापर्यंत तोच आणून देत होता. मला राग यायला हवा होता. मी मात्र जाळीच्या दोरीशी चाळा करत उभी राहिले.

त्याच आठवड्यातली गोष्ट. ढग दाटून आले आणि बघता बघता सरी कोसळल्या. मैदानाच्या कडेला जुन्या जाळ्या आणि खांब ठेवायची पत्र्याची शेड होती, आम्ही तिकडे धावलो. पत्र्यावर असा ताशा वाजत होता की बोललेलं ऐकू येईना. बोलायला जवळ यावं लागत होतं. माझी बट गालाला चिकटली होती. त्यानं ती एका बोटानं मागे केली. बोट तिथेच थांबलं...

मग त्यानं माझं चुंबन घेतलं. की मी त्याचं? खरं सांगायचं तर आम्ही दोघं निम्म्या निम्म्या वाटेवर भेटलो. ओठांना पावसाची आणि थोडी मिठाची चव होती. शेडमधल्या ओल्या दोरांचा वास होता. आणि माझ्या डोक्यातला सगळा गोंधळ क्षणभर अगदी गप्प झाला.

तो एक पाऊल मागे सरला. माझ्याकडे पाहिलं. आणि उजवा हात, तो दुखरा हात, खांद्यापर्यंत वर केला. पंजा उघडा, माझ्याकडे वळलेला. मान किंचित झुकवली. एखाद्याला धक्का लागल्यावर आपण रस्त्यात करतो ना, तसं. माफ करा, चूक झाली.

मी वाट पाहिली. शब्द येईल, काहीतरी पुढे म्हणेल. तो नुसता उभा राहिला, चेहऱ्यावर विचित्र हसू घेऊन.

चूक? मी चूक?

"दुकान उघडायचंय," मी म्हटलं, आणि भर पावसात चालायला लागले. त्यानं हाक मारली नाही.

त्यानंतरचे दिवस विचारू नका. गिऱ्हाइकानं मऊ गादी मागितली की मी कडक दाखवत होते. एकीला दोन डाव्या बाजूच्या उशा दिल्या. उशीला डावी-उजवी बाजू नसते हे तीच मला सांगायला परत आली. मैदानावर गेले नाही. त्याचा फोन नाही. एकदा वाटायचं, बरंच झालं, वेळेवर कळलं. एकदा वाटायचं, चूक वाटली असेल तर तसं तोंडानं सांग ना बाबा, वाहतूक पोलिसासारखा हात काय दाखवतोस! तो मनातून जावा म्हणून मी कपाट आवरलं, आणि कपाट आवरताना त्याचाच विचार केला. घोंगडं भिजत पडलं होतं. ना उचलवत होतं, ना सोडवत होतं.

शनिवारी सकाळी बाबा म्हणाले, "खेळाडू चाललाय, कळलं का?"

"कुठे?"

"एक एकोणीस वर्षांची पोरगी आहे, वर येते आहे भराभर. तिला प्रशिक्षक हवाय, वर्षभर बरोबर फिरणारा. उद्या निघतोय म्हणे. टेम्पो पाठवा म्हणून फोन होता, गादी परत करतोय." बाबांनी चष्म्यावरून पाहिलं. "तुला बोलला नाही?"

"मला कशाला बोलेल?" मी म्हटलं. आवाज ठीक होता. हातातली खोळ मात्र उलटी घातली गेली.

बाबांनी टीव्ही लावला. टेनिसच. मी आत जायला निघाले, पण पाय उचलेना. दोन मुली खेळत होत्या. एकीनं मारलेला चेंडू जाळीच्या वरच्या पट्टीला लागला, क्षणभर तिथेच बसतो की काय असं वाटलं, आणि टुपकन पलीकडे पडला. दुसरी धावली, पोचली नाही. टाळ्या. आणि पॉइंट मिळालेल्या मुलीनं हात वर केला. खांद्यापर्यंत, पंजा उघडा, मान किंचित झुकवून.

तोच हात!

"बाबा, हे काय केलं तिनं?"

"काय केलं?"

"हात वर."

"अगं, चेंडू जाळीला लागून पडला ना. नशिबानं मिळालेला पॉइंट. तसा मिळाला की समोरच्याला हात दाखवायचा, रीत आहे. लहानपणापासून अंगवळणी पडलेली असते त्यांच्या."

"म्हणजे माफी मागतात?"

"मागतात."

"पॉइंट नको असतो त्यांना?"

"नको कसा असेल? आतून उड्या मारत असतात!"

"मग परत देतात?"

बाबांनी टीव्हीचा आवाज बंद केला आणि माझ्याकडे वळून बसले. "पोरी, गादीच्या दुकानात जन्म गेला म्हणून सगळंच परत करता येतं असं समजू नकोस. पॉइंट कुणी परत देतं होय?"

मी उशांच्या ढिगावर बसले. म्हणजे ते 'चूक झाली' नव्हतं. म्हणजे मी नशिबानं पदरात पडलेला पॉइंट होते! आनंद व्हावा की राग यावा? आणि पॉइंट मिळाला होता, तर मग हा गाव सोडून का चालला होता? जितकं कळत होतं तितकी मी जास्तच कोड्यात पडत होते. एवढं मात्र समजलं की इथे बसून उत्तर मिळणार नाही.

टेम्पोकाका गाडी चालू करतच होते. मी दार उघडून शेजारी चढले.

"ताई, तुम्ही कुठे?"

"गादी तपासायला."

काकांनी गियर टाकला. "फोमची आहे. तिला काय धाड भरलीय?" पण मग त्यांनी माझ्याकडे बघितलं, आणि एरवी प्रत्येक खड्ड्याला थांबणारी गाडी त्या दिवशी एकही खड्डा न बघता पळवली.

तो दारातच भेटला. बॅग बंद झालेली, वर रॅकेटची पिशवी. गादी गुंडाळून भिंतीला उभी.

"तू?" तो म्हणाला. "टेम्पो येणार होता..."

"टेम्पोतूनच आले. का चाललास?"

"काम मिळालंय."

"ते बाबांनी सांगितलं. का चाललास?"

त्यानं पिशवीची चेन उगाच उघडली, उगाच लावली. "सवय आहे गं. हरलं की त्याच दिवशी खोली सोडायची. स्पर्धेत एक जण सोडून सगळे हरतात, दर आठवड्याला. हरलेला माणूस मागे राहिला की जेवायच्या हॉलमध्ये सगळे बघतात. अजून इथेच? म्हणून आधी बॅग भरायची. मला दुसरं काही येत नाही."

"पण हरलास कधी तू?"

"त्या दिवशी. शेडमध्ये. मी... आणि तू एक शब्द न बोलता गेलीस. भर पावसात. तुला माझ्याजवळ थांबण्यापेक्षा भिजणं बरं वाटलं. आणखी काय कळायचं राहिलं?"

मी त्याच्याकडे बघतच राहिले. म्हणजे इतके दिवस मी इकडे जळत होते आणि हा तिकडे!

"हात वर केलास म्हणून गेले मी! मला वाटलं, चूक झाली म्हणतोयस."

"चूक?" तो खरोखर बावचळला. "अगं, तो तर... असं अवचित, न कमावता मिळालं की आपोआप वर जातो. मला कळलंसुद्धा नाही वर गेलेला. मी असा नशीबवान कधीच नव्हतो, तू काय समजलीस..."

"नशीब?" आता मात्र माझा ताबा सुटला. "नशिबानं मिळालं असं वाटलं तुला? अरे, माझ्या पिशवीत छत्री होती!"

"छत्री?"

"अख्खी, चांगली, बटण दाबलं की उघडणारी! तुझ्याबरोबर शेडमध्ये थांबायला मिळावं म्हणून काढली नाही. ढग बघून मी पावसाला म्हटलं, पड एकदाचा. आणि जाताना रागाच्या भरात उघडायची राहिली, दोन दिवस शिंकत होते. नशीब म्हणे!"

तो हसला. आधी डोळे, मग तोंड. मग एकदम हसू गेलं आणि डोळ्यांत पाणी आलं, आणि ते त्यानं लपवलं नाही.

खालून हॉर्न वाजला. मग जिन्यात पावलं. टेम्पोकाका दारात डोकावले. "ताई, गादी उचलायची की नाही?"

"थांबा," मी म्हटलं.

"थांबा," तोही म्हणाला.

काकांनी एकदा त्याच्याकडे, एकदा माझ्याकडे पाहिलं. "बरं," म्हणाले आणि खाली गेले.

मी भिंतीला टेकले. आता बोलायचं ते अवघड होतं, पण न बोलता जे झालं होतं ते पुरे झालं होतं. "हे बघ. माझं तुझ्यावर प्रेम आहे. हे मी आधी सांगते, म्हणजे पुन्हा कुणी हाताच्या खुणा करायला नकोत. आता दुसरं. हरलो म्हणून जात असशील तर जाऊ नकोस, कारण तू हरलेला नाहीस. पण त्या मुलीला शिकवायला मनापासून जायचं असेल, तर जा. मी अडवणार नाही. माझ्यासाठी राहिलास आणि पुढे कधी मनात आलं की हिच्यामुळे राहिलो, तर मला सोसायचं नाही. मी रडेन थोडी. मग दुकान उघडेन."

तो जमिनीवर बसला, बॅगेला पाठ लावून. सकाळचा पाऊस थांबला होता. पागोळ्या तेवढ्या टपटपत होत्या. मला वाटलं, जाणार. मी मनातल्या मनात त्याला निरोपही देऊन टाकला, आणि खिडकीकडे तोंड केलं.

"मला जायचं नाहीये," तो म्हणाला.

मी वळले. तो स्वतःच चकित झाला होता. "गंमत बघ," तो म्हणाला, "हे वाक्य मी आयुष्यात पहिल्यांदा बोलतोय. कुणी कधी विचारलंच नव्हतं."

त्यानं फोन लावला. माझ्यासमोरच. त्या मुलीला सांगितलं की तो येत नाही. की ती उत्तम खेळते. की तिला त्याच्यापेक्षा चांगला माणूस मिळेल, दोन नावंही सुचवली. की तिच्या सर्व्हिसमध्ये चेंडू थोडा आणखी पुढे उडवायला हवा. पलीकडून ती बरंच काही बोलत होती. शेवटी तो म्हणाला, "नाही गं, दुखापत नाही. उलट आहे." आणि फोन ठेवला.

मी त्याच्या शेजारी जाऊन बसले. खांद्याला खांदा लागला, बरा असलेला. त्यानं माझा हात हातात घेतला. त्याच्या तळहाताला अजून घट्टे होते. आम्ही दोघंही समोरच्या कोऱ्या भिंतीकडे बघत होतो, परीक्षेचा पेपर हातात आल्यासारखे.

"आता मला काहीच कळत नाहीये," तो म्हणाला.

"मलाही."

"एक विचारू? हसू नकोस."

"विचार."

"हे जे लोक कुठे जात नाहीत... ते उद्या काय करतात?"

मी हसणार होते. पण तो खरंच विचारत होता. मी जरा विचार केला. "उद्या रविवार. उशिरा उठतात. चहा पितात. पेपर वाचून कुणालातरी शिव्या देतात. भाजी आणतात, ती निवडतात."

"बस?"

"आणि आदल्या दिवशी एकमेकांना विचारतात, उद्या जेवायला काय करायचं. रोज विचारतात. कधी कुणाला सुचत नाही. जन्मभर चालतं ते."

तो गंभीरपणे विचार करत राहिला. खाली टेम्पो सुरू झाल्याचा आवाज आला. काका गादी न घेताच निघाले होते. मग त्यानं माझा हात थोडा घट्ट धरला आणि जरा घाबरतच विचारलं—

"मग... उद्या जेवायला काय करायचं?"